दिलीप प्रभावळकरांचे म्हातारे

विंगेतून

परवा ‘दशावतार’ चित्रपट दुसऱ्यांदा पाहिला, या खेपेला आईला घेऊन. आई ७८ वर्षांची. मध्यंतरात चहाचा कप हातात धरून ती म्हणाली, “हा आता खरंच म्हातारा झाला रे.”

घरी येईपर्यंत ते वाक्य डोक्यातून गेलं नाही. कारण मी दिलीप प्रभावळकरांना ओळखतो तेव्हापासून ते म्हातारेच आहेत! आमच्या वयाच्या मुलांना ते पहिल्यांदा भेटले ते ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’मधले आबा म्हणून. २००१ साली अल्फा मराठीवर ती मालिका सुरू झाली. प्रभावळकरांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४चा, म्हणजे तेव्हा ते ५७चे. आज माझ्या ऑफिसात त्या वयाची दोन माणसं रोज सकाळी बॅडमिंटन खेळून येतात. आणि आबा तर नातवंडं कॉलेजच्या वयाची असलेले, निवृत्तीला बराच काळ लोटलेले आजोबा होते. आम्हाला कुणालाच एक दिवससुद्धा शंका आली नाही.

त्याही आधी, पन्नाशीच्या आसपास, त्यांनी स्वतः लिहिलेल्या ‘हसवाफसवी’त सहा भूमिका केल्या. त्यातले कृष्णराव हेरंबकर म्हणजे जुन्या संगीत रंगभूमीवरचे थकलेले नट. मी ते नाटक नंतर रेकॉर्डिंगवर पाहिलं. ज्याने नाना पुंजे केला, जो दीप्ती होऊन साडीत आला, तोच माणूस शेवटी हेरंबकर होऊन बसतो आणि प्रेक्षागृह एकदम गप्प होतं. तो गप्पपणा रेकॉर्डिंगमध्येही ऐकू येतो.

मग ‘लगे रहो मुन्नाभाई’तले गांधीजी (२००६), ‘सरकार राज’मधले रावसाहेब (२००८), ‘देऊळ’मधले अण्णा (२०११), ‘नारबाची वाडी’तला नारोबा (२०१३), आणि आता ८१व्या वर्षी ‘दशावतार’मधले बाबुली मेस्त्री. सगळे म्हातारे, आणि एकाची सावली दुसऱ्यावर नाही. आपल्याकडे म्हातारा करायचा म्हणजे केसांना पांढरं लावायचं, हातात काठी द्यायची, कंबर वाकवायची आणि आवाज थरथरवायचा. शाळेच्या गॅदरिंगपासून व्यावसायिक रंगभूमीपर्यंत हेच पाहिलंय. हा माणूस काय वेगळं करतो? मला नीट सांगता येत नाहीये, म्हणून हा धागा. तुम्ही पाहिलेलं, आठवणारं लिहा. नाटकातल्या भूमिकाही चालतील, पण मुख्य म्हणजे पडद्यावरच्या.

---

निवृत्त मास्तर

धागा आवडला. मी तुमच्यापेक्षा मोठा, म्हणून मी त्यांना म्हातारं होण्याआधी पाहिलंय. १९७७-७८ सालची गोष्ट. आमच्या चाळीत टीव्ही एकच, तळमजल्यावर. मुंबई दूरदर्शनवर ‘चिमणराव-गुंड्याभाऊ’ लागायचं तेव्हा त्या खोलीत पाय ठेवायला जागा नसे. मागची मुलं खिडकीच्या गजांना लटकलेली.

चिं. वि. जोशींचा चिमणराव हा स्वातंत्र्याआधीच्या काळातला कारकून. धोतर, कोट, टोपी. जोशी स्वतः बडोदे संस्थानच्या दफ्तरखान्यात होते, पालीचे विद्वान. त्यांचा विनोद सगळा वाक्यात. वाचताना हसू येतं ते चिमणराव स्वतःबद्दल फार गंभीरपणे बोलतो म्हणून. पडद्यावर ते उतरवणं महाकठीण, कारण नटाला वाटतं आपण हसवायला हवं. प्रभावळकरांनी हसवायला घेतलंच नाही. चिमणरावाला आपल्या अडचणी खऱ्या वाटत होत्या, आणि आम्ही खाली बसून पोट धरत होतो. समोर बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ, आडवा, निर्धास्त. त्या जोडीत एक घाबरा आणि एक बेफिकीर, असं ठरवून टाकल्यावर पुढचं सगळं आपोआप घडत गेलं. कर्वे २०२५च्या ऑगस्टमध्ये गेले, ‘दशावतार’ लागण्याच्या थोडंच आधी. बातमी ऐकली तेव्हा मला चाळीतली ती खोली दिसली.

मुद्दा असा की ३३ वर्षांच्या त्या मुलाने तेव्हाच आपल्या आजोबांच्या पिढीतला माणूस केला होता. म्हातारा नव्हे, पण जुना. जुना माणूस कसा बोलतो, वाक्य कुठे तोडतो, कुणासमोर कोटाचं बटण चाचपतो, हे त्यांनी टिपलेलं होतं. तुमच्या प्रश्नाचं उत्तर कदाचित तिथूनच सुरू होतं.

---

शमिका

लेख छान आहे, पण थोडी तक्रार. म्हातारे, म्हातारे म्हणताना बाकीचं राहून जायला नको. रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’तली चेटकीण त्यांनीच केली. ‘झपाटलेला’मधला (१९९३) तात्या विंचू तेच. रामदास पाध्यांचा बाहुला आणि प्रभावळकरांचा आवाज, यावर आमच्या अख्ख्या पिढीची झोप उडाली होती. त्या आवाजात भीती आहे आणि चिडलेलं लहान मूलही आहे.

पण मला खरं लिहायचंय ते ‘चौकट राजा’बद्दल (१९९१). माझा मोठा भाऊ गतिमंद होता. तो सिनेमा आला तेव्हा मी नऊ वर्षांची. आई-बाबांनी आम्हाला नेलं नाही, दोघंच गेले. परत आल्यावर आई बराच वेळ ओट्याशी उभी होती, पाठ आमच्याकडे. मी मोठी झाल्यावर तो पाहिला आणि तिला काय झालं असेल ते कळलं.

पडद्यावर असं पात्र आलं की दोनच गोष्टी होतात, एक तर लोकांना हसवायला वापरतात नाहीतर रडवायला. यातला नंदू दोन्ही नाही. नंदूला राग येतो. तो हट्टी आहे, त्याची बालमैत्रीण मुन्नी आपली आहे असं त्याला पक्कं वाटतं, ती दुसऱ्याची बायको आहे हे त्याच्या हिशेबातच बसत नाही. त्याचे हात बघा. माझा दादा बोलायचं असलं की आधी हात पुढे करायचा, शब्द मागून यायचे. नंदू अगदी तसाच आहे. हे नटाने कुठे बघितलं असेल, किती वेळ बघितलं असेल! स्मिता तळवलकरांनी तो चित्रपट काढला आणि संजय सूरकरांनी दिग्दर्शित केला, त्या दोघांचेही आमच्या घरावर उपकार आहेत. सुलभा देशपांडेंनी केलेली आई बघून माझी आई म्हणाली होती, “ही दमलेली आहे, पण कुणाला दिसू देत नाहीये.”

दादाला जाऊन अकरा वर्षं झाली. ‘एक झोका’ लागलं की अजून आवाज बारीक करते.

---

विंगेतून

शमिका, हे लिहिल्याबद्दल मनापासून आभार. तक्रार मान्य. धाग्याचं नाव तेच ठेवतो, पण चौकट मोडू या.

तुम्ही हातांबद्दल लिहिलंत त्यावरून आठवलं. जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’त ते याच दुःखाच्या दुसऱ्या बाजूला उभे होते, गतिमंद मुलाचे वडील. बच्चूची भूमिका अतुल परचुरेंची, आई स्वाती चिटणीस. नंदू आणि नंदूसारख्या मुलाचा बाप, दोन्ही एकाच नटाने करावेत हे मराठीतच घडलं. ज्यांनी तो प्रयोग पाहिलाय त्यांनी जरूर लिहा.

---

कुडाळचो झिल

आमच्याकडून दोन गोष्टी.

पहिली, दशावतार. मी लहानपणापासून जत्रेतलो दशावतार बघत इलंय. देवळासमोर मांडव, एक बाकडा, पेटी, मृदंग, झांज, बस. रात्री उशिरा आडदशावतार म्हणजे पूर्वरंग, गणपती, मग संकासुर राक्षसाचा धुमाकूळ, आणि मग आख्यान, ते पहाटेपर्यंत. लिहिलेली संहिता नसते. कथानक ठरतं, संवाद नट उभ्या उभ्या रचतो. रात्री राजा झालेला माणूस सकाळी आपला पेटारा आवरून पुढच्या गावाला निघतो, आणि गावी असला तर दुपारी शेतात दिसतो. आमचे एक नातलग ४० वर्षं स्त्रीपार्ट करायचे. साठीनंतर गुडघे गेले, पण चेहऱ्याला रंग लागला की त्यांचं चालणं बदलायचं. घरच्यांना ते कळायचं नाही, डॉक्टरांना तर नाहीच.

सुबोध खानोलकरांच्या चित्रपटात बाबुली मेस्त्री हे तसलेच. पोरगा म्हणतो आता थांबा, शरीर म्हणतं थांबा, पण माणूस थांबत नाही. मी थिएटरात बघत होतो आणि मला आमचे नातलग दिसत होते. मालवणी बोलीबद्दल मी फार कडक माणूस आहे. मुंबईचे नट शब्दाच्या शेवटी ‘ओ’ लावतात आणि समजतात झाली मालवणी. प्रभावळकरांचा हेल कानाला खुपला नाही. रंग लावतानाची त्यांची नजर तर आमच्याच माणसाची. पुढे खाणीचा विषय येतो, डोंगर पोखरण्याचा, आणि तो आम्हाला सिनेमातला वाटत नाही. तो आमच्या उंबऱ्यावरचा आहे.

दुसरी गोष्ट ‘नारबाची वाडी’. याचं मूळ बंगालीत आहे, मनोज मित्रांचं नाटक ‘साजानो बागान’. तपन सिन्हांनी १९८०मध्ये त्यावर ‘बांछारामेर बागान’ चित्रपट केला. पण आदित्य सरपोतदारांनी ते कोकणात असं रुजवलं की वाटतं इथल्याच मातीतलं आहे. नारोबाच्या वाडीवर रंगराव खोताचा डोळा. खोत म्हणतो, तू जगशील तोवर दरमहा पैसे देतो, मेल्यावर वाडी माझी. आणि म्हातारा मरतच नाही! खोताचे पैसे खाऊन तो उलट टवटवीत होत जातो. ह्यो नारोबा माका बाबुलीपेक्षाय जवळचो. वाडी म्हणजे काय ते ज्याच्या घरी माड-पोफळी आहेत त्यालाच कळतं.

---

प्राजक्ता_ना

मी फिजिओथेरपिस्ट आहे, दिवसभर ज्येष्ठ नागरिकांबरोबरच काम. मूळ प्रश्न वाचून राहवलं नाही.

वय वाढलं की माणूस कंबरेत वाकतो, हे अर्धंच खरं. आधी पावलं आखूड होतात. नजर समोर न राहता जमिनीवर येते. मागून कुणी हाक मारली तर नुसती मान वळत नाही, खांद्यासकट सगळा माणूस वळतो. खुर्चीतून उठायच्या आधी एक क्षण थांबून तयारी होते, हात टेकायला जागा शोधली जाते. आणि बोलताना श्वास वाक्याच्या मध्येच संपतो, शेवटी नाही. हे सगळं एकाच माणसात नसतं. कुणाचे गुडघे गेलेले असतात पण मान तरुण असते. कुणाचे पाय ठणठणीत, श्वास अपुरा.

ज्या नटांना हे माहीत नसतं ते सगळंच एकदम म्हातारं करतात. प्रभावळकर निवडतात. नारोबा पाठीत पार मोडलेला आहे, पण त्याची जीभ आणि डोळे किती चपळ! त्यांचे गांधीजी वयाने थोर आहेत, पण कुठेही कण्हत नाहीत. टिपऱ्यांचे आबा घरभर मोकळे वावरतात, त्यांचं वय दिसतं ते समोरच्याचं ऐकून घेताना घेतलेल्या उसंतीत. ‘आवाज थरथरवणं’ हा प्रकार मला त्यांच्या कामात जवळजवळ दिसलाच नाही. ते श्वास बदलतात, आवाज त्यामागून बदलतो.

शिकाऊ मुलींना मी खरंच नारोबाच्या क्लिप दाखवते.

---

गोदाकाठ

सगळे कौतुक करताहेत म्हणून वेगळा सूर लावतो. मीही त्यांचा चाहताच आहे, पण टिपऱ्यांनंतर आपण प्रेक्षकांनी त्यांना ‘गोड आजोबां’च्या खुर्चीत बसवून टाकलं. कुठल्याही कुटुंबपटात एक प्रेमळ, समजूतदार, थोडा मिश्कील म्हातारा हवा असला की यांनाच बोलवायचं. अशा भूमिका त्यांनी डोळे मिटूनही केल्या असत्या. एवढ्या ताकदीच्या नटाला त्यात काय मिळालं?

त्यांच्यातला काळोख फार कमी लोकांनी वापरला. अजय फणसेकरांनी वापरला. ‘रात्र आरंभ’ (१९९९) बघा आणि ‘एन्काउंटर : द किलिंग’मधला (२००२) पुनाप्पा बघा. समोर नसीरुद्दीन शाह पोलीस अधिकारी, आणि हा किरकोळ अंगाचा माणूस टोळीचा म्होरक्या. आरडाओरडा नाही, टेबलावर मूठ आपटणं नाही, आणि तरी अंगावर काटा येतो. राम गोपाल वर्मांनाही ते कळलं होतं. ‘सरकार राज’मधले रावसाहेब वरून साधे, गांधीवादी, गावाच्या भल्याची भाषा बोलणारे, आणि आत सत्तेचा सगळा हिशेब मांडून बसलेले. दोनच वर्षांपूर्वी ज्या चेहऱ्याने गांधीजी केले त्याच चेहऱ्याला असं वापरणं! मला हा त्यांचा सगळ्यात मोठा म्हातारा वाटतो, आबांपेक्षा आणि नारोबापेक्षाही.

---

निवृत्त मास्तर

गोदाकाठ, तुमचं अर्धं पटतं. पण आबांना नुसतं ‘गोड’ म्हणू नका. टिपरे हे त्यांचं स्वतःचं लेखन आहे. आधी वर्तमानपत्रातलं सदर, मग ‘अनुदिनी’ हे पुस्तक, म्हणजे एका मध्यमवर्गीय कुटुंबाची रोजनिशी, आणि मग केदार शिंद्यांची मालिका. मुलगा शेखर, सून श्यामल, नातू शिऱ्या, नात शलाका, प्रत्येकाची बाजू त्यांनी आधी कागदावर लिहून पाहिलेली होती. म्हणून ते आबा झाल्यावर समोरच्याचं बोलणं त्यांना आधीच आतून माहीत होतं. राजन भिसे आणि शुभांगी गोखले बोलत असताना आबांकडे बघत राहा. काम तिथे चाललेलं असतं.

आणि ते आबा चुकायचेही. नातवाच्या भानगडीत नको तेवढं नाक खुपसायचे, रुसायचे. एरवी मालिकांमधले आजोबा उपदेशाचे डोस पाजतात, हे मात्र नातवाकडून शिकायला बसायचे. माझी पत्नी तेव्हा आजारी होती. रात्री जेवण लवकर आटपून आम्ही दोघं टिपरे बघायचो. घरात दुसरं हसू नव्हतं त्या वर्षी. तेव्हा त्या गोडव्याबद्दल माझं मत निःपक्षपाती नाही, हे सांगून टाकतो.

---

दूरदेशी

‘लगे रहो’ मी इथे परदेशात पाहिला, आजूबाजूला सगळे अमराठी भारतीय. बाहेर पडल्यावर सगळे संजय दत्त-अर्शद वारसीबद्दल बोलत होते, आणि एकाने विचारलं, “गांधी कोण होता?” मी चिमणराव, टिपरे, तात्या विंचू असं सांगायला लागलो तर त्याला पटेचना की हा सगळा एकच माणूस.

त्या भूमिकेची अडचण लक्षात घ्या. गांधीजींचा चेहरा नोटेवर आहे, चालणं जुन्या चित्रफितींत आहे, बेन किंग्जलींनी तर ते जगभर नेऊन ठेवलंय. त्यात हिरानींच्या कथेत हे गांधीजी खरे नाहीतच, मुन्नाच्या डोक्यातले आहेत. त्यांना मुन्नाला माहीत आहे तेवढंच माहीत आहे! म्हणजे नटाला महात्माही व्हायचंय आणि एका भाईच्या मनातला आजोबाही. प्रभावळकरांनी दुसरं धरलं, आणि पहिलं आपोआप आलं. त्या वर्षीचा सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला तो या चित्रपटासाठी आणि गजेंद्र अहिरेंच्या ‘शेवरी’साठी मिळून. ‘शेवरी’चं नाव कुणी घेत नाही, म्हणून मुद्दाम घेतलं.

‘देऊळ’मधल्या अण्णांबद्दलही दोन ओळी. अख्खं गाव देवळापायी वेडं झालेलं, आणि हा माणूस एकटा दवाखान्याचं बोलतो. शेवटी गाव सोडून जातो. तिथे त्यांनी चेहऱ्यावर राग आणला असता तर चाललं असतं, पण आणला नाही. मीही घर सोडून इथे आलेला, कदाचित म्हणून ते जाणं इतकं लागलं.

---

विंगेतून

सगळ्यांचं वाचून माझ्या प्रश्नाचं थोडंसं उत्तर मला सापडायला लागलंय. प्राजक्ता म्हणतात, ते निवडतात. काय म्हातारं करायचं हे तर ते निवडतातच, पण काय म्हातारं होऊ द्यायचं नाही हेही. हेरंबकरांचा सूर म्हातारा झालेला नाही. आबांचं कुतूहल, नारोबाची वाडीवरची पकड, रावसाहेबांची सत्तेची भूक आणि बाबुलीचे दशावतारी पाय. प्रत्येकात एक जागा तरुण आहे, आणि बाकीचं सगळं शरीर तिच्याभोवती थकलंय. गोदाकाठ, रावसाहेबांच्या बाबतीत हीच गोष्ट भीतिदायक होते, तुमचा मुद्दा आता जास्त पटतो.

काल आईला विचारलं, त्या दिवशी तू असं का म्हणालीस. ती भाजी निवडत होती. म्हणाली, “अरे, टिपरे बघताना मला माझे बाबा दिसायचे. त्या दिवशी तो उठला-बसला ना, तर मला वाटलं, हे तर माझं उठणं-बसणं आहे.” मग म्हणाली, आपल्याकडे ते टिपऱ्यांचे भाग कुठे मिळतात का बघ.

रात्री पहिला भाग लावला. शीर्षकगीत सुरू झालं तशी ती ताट घेऊन बाहेरच्या खोलीत आली, आणि मला म्हणाली, आवाज वाढव.